वायव्येचा सूर्य

बाबांच्या ड्रॉइंग बोर्डवरचा दिवा कायम डाव्या अंगाला, वरच्या कोपऱ्यात असायचा. मी डावखुरी. त्यांच्या माघारी तिथं चित्र काढायला बसले की माझ्याच हाताची सावली कागदावर पडायची, म्हणून मी दिवा उचलून उजवीकडे ठेवायचे आणि परत जागेवर ठेवायला विसरायचे. संध्याकाळी हातपाय धुऊन बाबा बोर्डापाशी गेले की वाक्य ठरलेलं, "माझा दिवा कुणी हलवला?" घरात डावखुरं माणूस एकच असल्यामुळे या प्रश्नाला फारसा अर्थ नव्हता.

बाबा आरेखक होते, म्हणजे ड्राफ्ट्समन. कालवे, बंधारे, धरणाच्या भिंती, आणि या सगळ्यांच्या आधी जमिनीचा चढउतार, हे काढण्यात त्यांची सगळी नोकरी गेली. ट्रेसिंग पेपरवर शाई वाळेपर्यंत एप्रिलमध्येसुद्धा पंखा बंद. आई वैतागायची.

त्या दिव्याचा आणि सिंहगडाखालच्या एका घळीत मी दोन तास अडकले त्याचा काही संबंध असेल, असं कुणी सांगितलं असतं तर मी हसले असते.

झालं असं. जानेवारीतला शनिवार. मी आणि दोन मैत्रिणी, सिंहगडाहून राजगडाला पायी जायला निघालो. कल्याण दरवाज्यातून उतरायचं आणि सोंडेसोंडेनं विंझरकडे जायचं, अशी ही जुनी, मळलेली वाट. पुढे मोबाइलला रेंज नसते म्हणून मी उपग्रहचित्राचा रंगीत प्रिंट काढून घेतला होता, ए-थ्री आकाराचा, अप्पा बळवंत चौकातून. त्याच्यावर रात्री लाल पेनानं रेघही मारली होती. चित्रात एक सोंड इतकी ठसठशीत दिसत होती की बस. रुंद माथा, वरच्या बाजूला लख्ख ऊन, खालच्या बाजूला काळी सावली. "हिच्यावरून तर बैलगाडी जाईल," असं मैत्रीण म्हणालीसुद्धा.

वाट फुटली तिथं मळलेली पायवाट डावीकडे जात होती. माझी लाल रेघ उजवीकडे. कुणाला विचारायचं नाही हा पुणेरी बाणा, आणि हातात थेट अवकाशातून काढलेला फोटो. गेलो उजवीकडे.

पहिल्या पंधरा मिनिटांत उतार लागला. सोंडेला थोडा उतार असायचाच, म्हणून पुढे. मग कारवी सुरू झाली, मग कारवी डोक्याच्या वर गेली, मग पायाखाली सुटे धोंडे आले, गुळगुळीत, गोलसर. गोल धोंडे पाणी घडवतं, डोंगरमाथ्यावर ते असायचं काही कारण नाही, हे मला त्या क्षणी सुचायला हवं होतं. सुचलं नाही, कारण मी प्रिंटकडे बघत होते आणि प्रिंटमध्ये मी डोंगराच्या माथ्यावर होते.

वरून हाक आली. शेळ्या घेऊन एक मामा उभे होते, आमच्यापेक्षा चांगले शंभर फूट उंचावर. "पोरींनो, तिकडं कुठं? सोंडंनं जायाचं न्हाई व्हय? ती तर घळ हाय!"

मी त्यांना प्रिंट दाखवायला वर चढले. हे आठवलं की आजही कान गरम होतात. मामांनी कागद हातात घेतला, लांब धरला, जवळ धरला, आणि "आसंल बाई," म्हणून परत दिला. राजगड त्या दिवशी राहिलाच. विंझरला उतरून वडापनं नसरापूर फाटा गाठला. नुकसान म्हणाल तर एक पँट आणि माझी अब्रू.

दुसऱ्या दिवशी बाबांकडे गेले ती तक्रार घेऊनच. जेवणाच्या टेबलावर प्रिंट पसरला आणि म्हटलं, उपग्रहाचा फोटो चुकीचा आहे. बाबा अठ्ठ्याहत्तर वर्षांचे. त्यांनी चष्मा बदलला, कागदावर वाकले, दोनतीन सेकंद पाहिलं.

"उलटं धरलंयस."

"नाही हो बाबा. उत्तर वरच आहे, ही बघा अक्षरं."

"अक्षरं राहू दे गं." त्यांनी कागदाच्या दोन कोपऱ्यांना धरून तो अर्धा फिरवला. अक्षरं डोक्यावर उभी राहिली. "आता बघ."

मी पाहिलं, आणि खरंच सांगते, पोटात खड्डा पडला. माझी ती बैलगाडीची सोंड कागदात आत गेली. गेली म्हणजे दिसता दिसता गेली, पीठ मळताना अंगठा दाबावा तशी. आणि तिच्या शेजारची, जिला मी दरी समजून काट मारली होती ती काळपट पट्टी, वर आली. खरी सोंड तीच होती. बाबांनी कागद परत सरळ केला, सोंड बुडाली. पुन्हा फिरवला, वर आली. चारपाच वेळा त्यांनी हा खेळ केला आणि प्रत्येक वेळी मी फसले. चहावर साय धरली.

या भ्रमाचं कारण समजायला सोपं आहे. सपाट कागदावर उंची नसते. असतात फक्त उजळ आणि गडद डाग. त्यांवरून उंच काय नि खोल काय हे ठरवायचं तर उजेड कुठून आला हे आधी धरून चालावं लागतं, आणि आपला मेंदू न विचारता धरून चालतो की उजेड वरून आला. सूर्य वर, चंद्र वर, ट्यूबलाइट वर. ज्याचा वरचा भाग उजळ तो फुगवटा, ज्याचा वरचा भाग गडद तो खळगा. चेन्नईत डॉक्टरकी शिकून पुढे मेंदूचे नामवंत संशोधक झालेले व्ही. एस. रामचंद्रन यांनी १९८८ मध्ये हेच साध्या गोलांनी दाखवलं. वरून उजळ आणि खाली गडद होत गेलेले गोल अंड्यांसारखे दिसतात. तोच कागद उलटा केला की अंड्यांच्या जागी खळगे. गंमत अशी, की इथं 'वर' म्हणजे आभाळाकडे नव्हे, आपल्या टाळूकडे. कागद तसाच ठेवून आपण ओणवं होऊन दोन पायांमधून पाहिलं तरी अंड्यांचे खळगे होतात. मी गच्चीवर करून पाहिलं. समोरच्या इमारतीतल्या काकूंनी नंतर आईला फोन करून माझी पाठ कशी आहे विचारलं.

१९७० साली एका संशोधकानं कोंबडीची पिल्लं अशा खुराड्यात वाढवली, जिथं उजेड फक्त खालून येत होता. वरचा उजेड त्यांनी जन्मात पाहिलेला नव्हता. तरी फोटोतले खळगे-फुगवटे ओळखायची वेळ आली तेव्हा ती पिल्लंही उजेड वरूनच येतो असं धरून चालली. कोंबडीचं जर हे, तर अप्पा बळवंत चौकातून प्रिंट काढून आणणाऱ्या बाईनं फार वाईट वाटून घेऊ नये.

आता उपग्रहाकडे. पृथ्वीची छायाचित्रं घेणारे बरेच उपग्रह अशा कक्षेत फिरतात की एखाद्या जागेवरून ते जेव्हा जातात तेव्हा घड्याळातल्या ठरलेल्या वेळीच जातात. लँडसॅट स्थानिक वेळेप्रमाणे सकाळी दहाच्या सुमाराला, सेंटिनेल-२ साडेदहाच्या. दुपारचे ढग जमायच्या आत, आणि दर वेळी साधारण त्याच उजेडात, म्हणजे आजचं चित्र गेल्या महिन्याच्या चित्राशी ताडून बघता येतं. पुण्याचा अक्षांश साडेअठरा उत्तर. जानेवारीत सकाळी दहा वाजता इथला सूर्य आग्नेयेला असतो, क्षितिजापासून जेमतेम चाळीस अंशांवर. म्हणजे डोंगराचा आग्नेयेकडचा उतार उजळ आणि वायव्येकडचा काळा. आणि उत्तर वर ठेवून छापलेल्या कागदावर आग्नेय कुठे येते? खाली उजवीकडे. माझ्या प्रिंटमध्ये सूर्य कागदाच्या खालून तळपत होता आणि मेंदू मात्र हट्टानं तो वर शोधत होता.

दक्षिण गोलार्धातल्या लोकांची या बाबतीत चैन आहे. त्यांचा सूर्य उत्तरेकडून तळपतो, म्हणजे नकाशाच्या वरून, आणि त्यांचे डोंगर बहुतेक वेळा डोंगरच दिसतात.

आपल्याकडेही तशी सोय आहे, पण नशीब बघा. मे महिन्याच्या मध्याला पुण्यात शून्य सावलीचा दिवस येतो. दुपारी साडेबाराच्या सुमाराला सूर्य बरोबर डोक्यावर. गच्चीत स्टीलचा उभा डबा ठेवला तर त्याची सावली त्याच्याच बुडाखाली गडप होते. तिथून जुलैच्या अखेरीपर्यंत भर दुपारचा सूर्य पुण्याच्या उत्तरेला असतो, आणि सकाळी दहाचा सूर्यही जूनमध्ये पूर्वेच्या जरा उत्तरेला सरकलेला असतो. म्हणजे सह्याद्री कागदावर सरळ दिसायचा तर याच दिवसांत. आणि नेमके हेच दिवस पावसाचे. उपग्रहाला तेव्हा सिंहगड दिसतच नाही, नुसता कापूस दिसतो. स्वच्छ चित्र हवं तर डिसेंबर-जानेवारीतलं घ्या, आणि ते घेतलं की डोंगर उलटे.

हे सगळं मी बाबांना मोठ्या उत्साहानं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणून आम्ही कंटूर काढायचो. कंटूरला ऊन लागत नाही."

खरंय ते. समोच्च रेषा म्हणजे समान उंचीच्या जागा जोडणारी रेघ. ती जवळजवळ आली की चढ उभा, लांब गेली की सपाटी. तिच्यावर उजेड नाही, सावली नाही, त्यामुळे फसवणूकही नाही. पण तिच्यात डोंगर 'दिसत'ही नाही, वाचावा लागतो, आणि वाचायला शिकावं लागतं. बाबांना तिच्यात डोंगर दिसतो. भारतीय सर्वेक्षण विभागाची ४७ एफ क्रमांकाची शीट समोर ठेवली की ते बोटानं सोंड उतरतात, खिंडीत थबकतात, पलीकडची चढण चढताना खरोखर धाप लागल्यासारखा श्वास घेतात. माझ्यासारखीला त्यात लाकडाच्या फळीवरच्या रेघा दिसतात.

माझ्यासारख्यांसाठीच नकाशावाल्यांनी छायांकनाची युक्ती काढली. कंटूरांवर हलक्या राखाडी रंगात सावल्या भरायच्या, की डोंगर कागदातून उठून येतो. यातले मोठे उस्ताद स्विस. एडुआर्ड इमहोफ (१८९५–१९८६) या नकाशाकारानं जमिनीचा उंचसखलपणा कागदावर कसा आणावा याच विषयावर १९६५ मध्ये जाडजूड ग्रंथ लिहिला. या नकाशांत उजेड कुठून येतो? वायव्येकडून. वरून, डावीकडून. आज संगणकावर हिलशेड, म्हणजे हेच छायांकन, काढायचं सॉफ्टवेअर उघडलं तर बऱ्याच ठिकाणी आधीपासून भरलेला आकडा हाच मिळतो. दिशा ३१५ अंश, म्हणजे वायव्य, आणि सूर्याची उंची ४५ अंश.

मी गणित मांडून बघितलं. पुण्यात वर्षाच्या तीनशेपासष्ट दिवसांत एकाही दिवशी सूर्य वायव्येला ४५ अंशांवर येत नाही. जूनमध्ये दुपारनंतर तो ४५ अंशांवर उतरतो तेव्हा पश्चिमेच्या थोडासाच उत्तरेला असतो, वायव्येपासून चांगला लांब. स्वित्झर्लंडमध्ये तर विचारूच नका. म्हणजे नकाशावाल्यांचा हा सूर्य शुद्ध बनावट, कुठल्याच सकाळी न उगवलेला. आणि त्या बनावट उन्हात सिंहगड जसा आहे तसा दिसतो. खरं ऊन पडलेला, खराखुरा, अवकाशातून घेतलेला फोटो मात्र मला घळीत घेऊन गेला.

पण वायव्यच का? याचं एक उत्तर जुने नकाशावाले देतात. उजव्या हातानं काढणारा माणूस दिवा डावीकडे, वरच्या बाजूला ठेवतो, म्हणजे हाताची सावली कामावर पडत नाही. टेबलावर जिथून उजेड येतो, तिथूनच मग तो चित्रातही आला. हे मी वाचलं तेव्हा रात्रीचे साडेअकरा वाजले होते. बाबा झोपले असतील म्हणून फोन केला नाही. सकाळी केला. "दिवा मी हलवायचे," म्हटलं. ते म्हणाले, "माहितीये."

एकदा हे खूळ डोक्यात शिरलं की सगळीकडे दिसायला लागतं. निघोजला कुकडी नदीच्या पात्रात ते प्रसिद्ध रांजणखळगे आहेत. पाण्याबरोबर गरगरणाऱ्या दगडगोट्यांनी काळ्या कातळात कोरलेले. आमच्या सहलीचे फोटो कुणीतरी ग्रुपवर टाकले, त्यातला एक चुकून उलटा. खळग्यांच्या जागी पालथे घातलेले रांजण! मावशीनं निरागसपणे विचारलं, "हे कुठले गं? आपण इथे गेलोच नव्हतो." शिलालेख वाचणाऱ्यांना तर हा रोजचाच घोळ. आपले देवनागरी लेख बहुतेक आत खोदलेले, फारसी लेख बहुतेक उठावाचे. सोमवार पेठेतल्या त्रिशुंड गणपतीच्या देवळात दोन संस्कृत आणि एक फारसी असे लेख आहेत. विजेरी बाजूनं, भिंतीला जवळजवळ चिकटवून धरली की अक्षर नीट उठतं, पण ती कुठल्या बाजूनं धरली होती हे फोटोत कळत नाही, आणि मग खोदलेलं अक्षर वर आलेलं दिसतं.

चंद्राचं तर सगळं ज्ञानच सावल्यांतून आलं. १६०९ मध्ये गॅलिलिओनं दुर्बिणीतून पाहिलं, की अंधाऱ्या भागात सुटे उजळ ठिपके आहेत. ती डोंगरांची टोकं, खाली अजून रात्र असताना ऊन लागलेली. पौर्णिमेला दुर्बीण लावलीत तर निराशाच होईल, सावल्या नाहीत म्हणून चंद्र थाळीसारखा सपाट. अपोलोची यानं मुद्दाम सूर्य क्षितिजालगत असताना उतरवली, म्हणजे लांब सावल्यांवरून खड्डे ओळखू यावेत. मंगळावरच्या त्या 'चेहऱ्या'ची गोष्ट सगळ्यांना माहीत आहेच. १९७६ मध्ये व्हायकिंग-१ या यानानं तिरप्या उन्हात टिपलेली टेकडी. पुढे जास्त बारकाव्याचे फोटो आले आणि चेहरा गेला, टेकडी राहिली.

मला जास्त खटकतं ते वेगळंच. मला आता कारण माहीत आहे, अंश माहीत आहेत, कोंबडीसुद्धा माहीत आहे. तरी तो प्रिंट सरळ धरला की सोंड बुडतेच. कळणं एकीकडे आणि दिसणं एकीकडे, दोघांची बोलाचाली नाही. बाबांनी एक तोडगा सांगितला, "आधी पाणी शोध. पाणी डोंगरावर चढत नाही." प्रिंटच्या वरच्या भागात खडकवासल्याचं पाणी आहे. त्याच्यावर बोट ठेवायचं, हे पाणी आहे, हे सगळ्यात खाली आहे, असं स्वतःला बजावायचं आणि वाट बघायची. चारसहा सेकंदांनी काठचे उतार हलतात आणि दरी दरीसारखी खाली जाते. बोट तसंच सरकवत दक्षिणेकडे यायचं. सिंहगडापर्यंत जमतं. कल्याण दरवाज्याच्या पलीकडे पाणी नाही, तिथं पकड सुटते आणि सगळं पुन्हा उलटं.

या वर्षी जानेवारीत आम्ही परत गेलो. त्याच तिघी, तोच प्रिंट, फक्त लाल रेघेशेजारी आता बाबांनी मारलेली निळी रेघ. गडावर ताक प्यायलो आणि दहाच्या सुमाराला कल्याण दरवाज्यातून बाहेर आलो. मी दक्षिणेकडे तोंड करून उभी राहिले, प्रिंट काढला आणि सवयीनं उलटा धरला. दक्षिण वर, अक्षरं डोक्यावर.

आणि मग मान वर केली. समोर, डाव्या हाताला, आग्नेयेचा सूर्य. आमच्या बाजूचे उतार सगळे सावलीत, काळेनिळे. सोंड खाली उतरत गेलेली, तिची डावी कड उन्हानं पेटलेली, उजवी बाजू गडद. पार पलीकडे राजगडाचा बालेकिल्ला. कागदावरही अगदी तेच. पायाशी सिंहगड, वर राजगड, आणि उजेड डावीकडून, वरच्या कोपऱ्यातून.

वळणावर मामा नव्हते. शेळ्यांच्या लेंड्या होत्या, ताज्या. मैत्रीण म्हणाली, "डावीकडे ना?" मी कागदाची घडी घालून सॅकमध्ये टाकली आणि म्हटलं, "डावीकडे."